बारीतला सवाल हा पुरावा नव्हे

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मी गुहागर तालुक्यातला. बत्तीस वर्षं शक्ती-तुऱ्याच्या बाऱ्यांत, म्हणजे दोन फडांच्या सवाल-जवाबाच्या गाण्यांच्या झुंजीत, ढोलकी वाजवली. ड्रेक आणि केन्ड्रिक लमार या रॅपरांच्या गाण्यांतून झालेल्या भांडणाशी माझा संबंध एवढाच, की पुतण्या ते रात्रंदिवस ऐकतो.

त्याने मला मोबाइलवर दोन व्हिडिओ दाखवले. एकात म्हटलंय, ड्रेकने अकरा वर्षांची मुलगी जगापासून लपवली आहे. दुसऱ्यात म्हटलंय, ही खोटी बातमी ड्रेकच्याच माणसांनी मुद्दाम पेरली. दोन्हींवर ठळक अक्षरांत ‘पुरावा’. शोधत गेलो तर दोन्हीकडे पुरावा म्हणून गाणंच निघालं! ३ मे २०२४ च्या रात्री केन्ड्रिकने गाण्यात आरोप केला, ५ मे रोजी ड्रेकने गाण्यातच सांगितलं की ती माहिती आम्हीच पुरवली होती. अशी मुलगी असल्याचा पुरावा पुढे आलेला नाही, सापळा रचल्याचाही नाही. आणि आता आवाजावर तरी कसा विश्वास ठेवायचा? त्याच वर्षी एप्रिलमध्ये ड्रेकने दिवंगत रॅपर टुपाकचा कृत्रिम बुद्धिमत्तेने बनवलेला आवाज गाण्यात वापरला होता. टुपाकच्या वारसांच्या वकिलांचं पत्र आलं, तेव्हा ते उतरवलं.

पुढे केन्ड्रिकच्या ‘नॉट लाइक अस’ या गाण्यावरून ड्रेकने ते गाणं बाजारात आणणाऱ्या युनिव्हर्सल म्युझिक कंपनीवर बदनामीचा दावा लावला. ऑक्टोबर २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या न्यायालयाने तो फेटाळला. रॅपच्या झुंजीतले शब्द ऐकणारा समंजस माणूस ते वस्तुस्थिती म्हणून घेणार नाही, असं न्यायाधीशांचं म्हणणं. मला ते अर्धंच पटतं. मांडवात बसलेला माणूस घेत नाही. मांडवाबाहेरचा घेतो.

आमच्या एका बारीत समोरच्या शाहिराने सवाल टाकला, की आमच्या शाहिराने बापाची जमीन दारूत घालवली. लोक हसले, आम्हीही जवाब दिला, पहाटे दोन्ही फड एकत्र चहा प्यायले. चौथ्या दिवशी शाहिराचा मेहुणा एसटीने आला. घरात बसायच्या आधी त्याने जमिनीचं विचारलं. शाहिराने सातबारा काढून त्याच्यापुढे ठेवला. वहिनी त्या दिवशी जेवल्या नाहीत.

७ मे २०२४ ला टोरांटोत ड्रेकच्या घराबाहेर गोळीबार होऊन पहारेकरी गंभीर जखमी झाला. पोलिसांनी कारण सांगण्याआधीच लोकांनी ते गाण्यांशी जोडून टाकलं. त्या पहारेकऱ्याने कुणावर सवाल टाकला होता?

म्हणून विनंती. अशा बातम्या छापताना ‘गाण्यात असा आरोप आहे’ एवढे शब्द मथळ्यातच घाला, आतल्या परिच्छेदात नको. पुतण्या मथळाच वाचतो. आणि आरोप लहान मुलांबद्दलचा असेल, तर कागद हाती येईपर्यंत तो छापूच नका.

आपला,
शक्ती-तुऱ्याचा एक जुना ढोलकीवाला, परळ