पासोलिनीवर पान भरून लिहिलंत, मग सेर्जो चित्ती कुठे गेला?

मा. संपादक,
स. न.

रविवारच्या पुरवणीत इटलीचा लेखक-दिग्दर्शक पासोलिनी याच्यावर अख्खं पान आलं, वाचून बरं वाटलं, मराठीत या माणसावर एवढं सविस्तर क्वचितच येतं. पण त्या पानभर मजकुरात त्याचा सोबती आणि पुढे स्वतः दिग्दर्शक झालेला सेर्जो चित्ती, हे नाव एकदाही नाही आणि ते मला फार लागलं, म्हणून लिहितोय.

पासोलिनी जन्माने बोलोन्याचा, आजोळ ईशान्य इटलीतल्या फ्रिउलीतलं, रोमला आला तो १९५० साली. रोमच्या कडेच्या वस्त्यांमधली पोरं कशी बोलतात, शिव्या कशा घालतात, थापा कशा मारतात हे त्याला ठाऊक असायचं कारणच नव्हतं. ते ज्यांच्याकडून मिळालं त्यात सगळ्यात पुढे सेर्जो. जन्म १९३३ चा, गाव फ्युमिचीनो, म्हणजे आज जिथे रोमचा विमानतळ आहे तिथलं, काम घरं रंगवायचं. पासोलिनीने स्वतःच लिहून ठेवलंय की तो रोमच्या तोर्पिन्यात्तारा वगैरे भागातल्या पिझ्झेरियात बसून पोरांना मुद्दाम बोलतं करायचा आणि कानावर येईल ते कागदावर टिपून घ्यायचा, आणि लिहिताना अडलं की सेर्जोला गाठायचा. त्याला तो आपला चालताबोलता शब्दकोश म्हणायचा. त्या बोलीच्या जोरावरच १९५५ ची ती कादंबरी उभी राहिली जिच्यावर अश्लीलतेचा खटला झाला, आणि दिग्दर्शक फेलिनीने ‘नाइट्स ऑफ कॅबिरिया’ या सिनेमाच्या वेळी पासोलिनीला बोलावलं तेही रस्त्यावरची रोमन बोली याला येते म्हणूनच.

मग १९६१ ला ‘अक्कात्तोने’, पासोलिनीचा पहिला सिनेमा. तुमच्या लेखात त्याचा असिस्टंट डायरेक्टर बर्तोलुची होता हे आवर्जून आलंय, विशीतला पोरगा पुढे दिग्दर्शक म्हणून जगप्रसिद्ध झाला म्हणून. पण डायलॉगसाठी क्रेडिट आहे सेर्जोला, आणि हिरो आहे त्याचा धाकटा भाऊ फ्रांको. हा फ्रांको आपल्याकडे खूप जणांनी पाहिलाय, ‘गॉडफादर’मध्ये सिसिलीत मायकलच्या मागेमागे बंदूक घेऊन फिरतो ना, तोच. पुढच्या वर्षी ‘मामा रोमा’, तिथेही डायलॉगला सेर्जो, मग पुढच्या सिनेमांना असिस्टंट डायरेक्टर, आणि १९७० ला ‘ओस्तिया’ने स्वतः डायरेक्टर. पासोलिनीचा शेवटचा सिनेमा ‘सालो’ तर आधी सेर्जोच करणार होता, नंतर तो पासोलिनीने हातात घेतला आणि पटकथेवर सेर्जोचं नाव राहिलं. रंगारी म्हणून सुरुवात केलेल्या माणसाने इथवर मजल मारली, याला मी तरी मोठी कारकीर्द म्हणतो.

आणि तो नुसता पासोलिनीचा माणूस नव्हता. १९७७ चा ‘कासोत्तो’ बघा. ओस्तियाच्या बीचवर रविवारी लोक कपडे बदलायला घेतात ती लाकडी खोली, जवळजवळ सगळा सिनेमा त्या एका खोलीत. लोक येतात, कपडे काढतात, खातात, भांडतात, एकमेकांपासून काहीतरी लपवतात. त्यात इटलीचा नट तोन्याझी आहे, लहान वयातली हॉलिवूडची नटी जोडी फॉस्टर आहे, तरी लक्षात राहतं ते बोलणं, एकाचं वाक्य दुसरा तोडतो आणि त्यातूनच कळतं की घरात कोणाचं चालतं. असं लिहायला त्या लोकांत वाढलेला माणूसच लागतो. हा त्याने विन्चेन्झो चेरामीसोबत लिहिला, हाच चेरामी नंतर बेनिन्यीबरोबर ‘लाइफ इज ब्युटिफुल’ लिहितो.

पासोलिनीचा १९७५ ला खून झाला, त्याबद्दल तुम्ही दोन कॉलम दिलेत, पण शिक्षा झालेल्या त्या एकट्या पोराचं हे काम नाही असं सेर्जो शेवटपर्यंत सांगत राहिला, त्याचा तिथेही उल्लेख नाही. २००५ च्या ऑक्टोबरात तो गेला.

आपल्याकडेही वऱ्हाडी, मालवणी बोलणारे सिनेमे येतात, परीक्षणात ‘बोली छान पकडलीये’ एवढं एक वाक्य असतं, ती कोणी पकडून दिली त्याचं नाव कधीच नसतं. निदान तेवढं नाव छापत जा. आणि पुरवणीत जागा झाली तर सेर्जोवर अर्धं पान द्या, ‘कासोत्तो’पासून सुरुवात करा, कारण पासोलिनीचं नावही न घेता तो किती मोठा होता हे त्यातून दिसतं.

आपला,
एक नियमित वाचक, नाशिक