'बेला' हे पुरुषाचे नाव आहे

मा. संपादक, स. न.

कालच्या रविवार पुरवणीतला 'ड्रॅक्युला' चित्रपटावरचा आणि त्यातल्या बेला लुगोसीवरचा लेख वाचला. लेखकाने मेहनत घेतली आहे, नाही असे नाही. पण फोटोत काळा झगा पांघरून, केस चोपडून मागे वळवलेला चांगला उंचापुरा गृहस्थ आणि खाली ओळ काय, तर 'अभिनेत्री बेला लुगोसी'! फोटो लावणाऱ्याने फोटो पाहिला तरी होता का?

हंगेरीत बेला हे पुरुषाचे नाव. उच्चारही लुगोशी, कारण तो लुगोश गावचा (ते गाव आता रुमानियात आहे). तिकडे आपल्या मतदार यादीसारखे आडनाव आधी लावतात, म्हणजे 'लुगोशी बेला'. 1913 साली हा बुडापेस्टच्या नॅशनल थिएटरमध्ये दाखल झाला. त्याच वर्षी आपल्याकडे 'राजा हरिश्चंद्र'मध्ये अण्णा साळुंके हे पुरुष नट तारामती झाले होते. म्हणजे नटी कोण आणि नट कोण याचा घोटाळा व्हायला तेव्हा निदान काही कारण तरी होते.

आणि 'ड्रॅक्युला'तून '1931 साली पदार्पण' हे लेखात कुठून आणले? युद्धावर जाऊन आल्यावर 1917-18 मध्ये त्याने हंगेरीत डझनभर मूकपट केले, त्यातले बरेचसे 'आरिस्टिड ओल्ट' या नावाने. काही तर पुढे 'कॅसाब्लांका' हा गाजलेला चित्रपट काढणाऱ्या मायकेल कर्टिझचे; तेव्हा तो कर्टेस मिहाय होता. 1919 मध्ये हंगेरीत बेला कुनच्या (हाही पुरुषच!) कम्युनिस्ट राजवटीत नटांची संघटना उभारण्यात लुगोशी पुढे होता. राजवट कोसळली तसा व्हिएन्नाला पळाला, तिथून बर्लिन, मग अमेरिका. त्या मूकपटांतले बहुतेक आज नाहीतच. आणि जे नाही ते केलेच नाही, असा तुमचा हिशेब दिसतो.

मी एवढा का चिडलो, ते सांगतो. माझे नाव किरण. तीन वर्षांपूर्वी पाणीपट्टीवरचे माझे पत्र आपण 'सौ. किरण' असे छापलेत. आठवड्याभरात गल्लीतल्या महिला मंडळाचे हळदीकुंकवाचे आमंत्रण आले, पाकिटावर 'किरणताईंस'. सौभाग्यवतीने ते फ्रिजवर चिकटवले, अजून तिथेच आहे. पाहुणे आले की पाणी देण्याआधी ते दाखवले जाते. दुरुस्तीसाठी आपल्या कार्यालयात दोनदा फोन केला. दुसऱ्या वेळी पलीकडून "मॅडम, होल्ड करा" असे ऐकू आले. माझा आवाज घोगरा आहे, हे नम्रपणे नमूद करतो.

बेलाला आता फोन करता येणार नाही, तो 1956 मध्ये गेला. म्हणून मी लिहितो आहे. दुरुस्ती छापाल तर नेहमीसारखी निविदांच्या खाली, मुंगीएवढ्या अक्षरांत नको.

जाता जाता, कालच्या शब्दकोड्यात आडवा 14 ला चौकटी चार आहेत आणि उत्तर पाच अक्षरी आहे. मी पेनाने भरतो.

आपला (आपला!),
श्री. किरण, सातारा