खुरपणीच्या पातीवर ठरलेले मत

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

देशी दारूच्या दुकानाबाबत गावोगावी होणाऱ्या ‘उभी बाटली, आडवी बाटली’ (उभी म्हणजे दुकान चालू, आडवी म्हणजे बंद) मतदानाच्या बातम्या आपल्या दैनिकात येतात. त्यांत ग्रामसभेचा ठराव असतो, मतांचे आकडे असतात, गुलाल उधळणाऱ्या महिलांचे छायाचित्रही असते. परंतु एवढ्या बाया त्या मतापर्यंत कशा आल्या, याविषयी एक ओळही नसते. बचत गटाचे काम करताना आमच्या गावात हे सारे मी जवळून पाहिले, म्हणून हे पत्र.

ग्रामसभेपूर्वी महिलांची वेगळी सभा घेण्याची तरतूद आहे आणि आमच्याकडेही ती झाली. बाया डोक्यावर पदर घेऊन मागे बसल्या, ‘मंजूर का?’ असे विचारल्यावर हात वर झाले आणि पंधरा मिनिटांत सभा आटोपली. व्यसनमुक्तीवरील भाषण कोणी खोडून काढले नाही, तसे ते कोणाच्या मनातही उतरले नाही.

खरा वाद झाला तो सोयाबीनच्या खुरपणीत. शेजारच्या पातीवरची एक थोरली बाई मला म्हणाली, “दारू वाईट हे मला नगं सांगू, तीस वरसं सोसलंय म्या. पन हितलं दुकान बंद झालं तर धनी तालुक्याला जाऊन पिनार आन् रातच्याला अंधारातनं गाडीवर येनार, त्येचं काय?” माझ्यापाशी याचे उत्तर नव्हते. पलीकडच्या पातीवरून तिची चुलत जाऊ बोलली, “धा पावलांवर हाय म्हून रोज पितोय. पाच कोस जावं लागलं तर रोज जाईल व्हय?” त्यावर पात संपेपर्यंत कोणी काही बोलले नाही. संध्याकाळी त्या थोरल्या बाईने मतदानाच्या मागणीच्या अर्जावर अंगठा उमटवला, आणि पुढच्या आठवड्यात दळणाच्या रांगेत तेच उत्तर ती दुसरीला देत असलेली मी ऐकली.

हे सांगण्याचे कारण नियमात आहे. २००८ च्या शासन आदेशानुसार गावातील २५ टक्के महिला मतदारांनी मागणी केल्यावर, सह्यांची पडताळणी होऊन मतदान घेता येते. पण दुकान बंद होण्यासाठी यादीतील एकूण महिला मतदारांपैकी निम्म्याहून अधिक मते आडव्या बाटलीला पडावी लागतात. म्हणजे ऊसतोडीला गेलेली, सासरी नांदायला गेलेली, बाळंतपणासाठी माहेरी गेलेली, अशी जी बाई मतदानाला येऊ शकत नाही तिची गैरहजेरी दुकानाच्याच पथ्यावर पडते. विरोधी मत जवळजवळ नसूनही ठराव बारगळतो तो यामुळेच. अशा वेळी प्रत्येक उंबऱ्याशी जाऊन, त्या त्या घराची अडचण ओळखून बोलावे लागते, आणि ते काम फ्लेक्स लावून होत नाही.

तेव्हा मतदानाची तारीख ऊसतोडीच्या हंगामात ठेवू नये, ती जाहीर झाल्यापासून बायांना आपसांत बोलायला पुरेसे दिवस मिळावेत आणि लग्न होऊन गेलेल्या मुलींची व मृतांची नावे आधी यादीतून वगळावीत, अशी माझी प्रशासनाला विनंती आहे. आपल्या वार्ताहरांनीही निकालाच्या दिवशी येण्याऐवजी पंधरा दिवस आधी यावे आणि एखादा दिवस बायांबरोबर बांधावर बसावे.

आपली,
बचत गटाची एक कार्यकर्ती, जि. सातारा