हेन्री मोलेसनकाकांना, आईच्या वातींसाठी

हेन्रीकाका,
सा. न. वि. वि.

वर्षभर मी आईची रोज परीक्षा घेत होते. सकाळी चहाचा कप हातात देतानाच विचारायचे, 'मी कोण, सांग बरं?' ती कावरीबावरी व्हायची. कधी मला ताई म्हणायची, आणि चुकलं हे माझ्या चेहऱ्यावरून ओळखून पदराच्या टोकाशी चाळा करत बसायची. अल्झायमर आहे हे माहीत होतं, तरी विचारायचेच. येईल त्याला सांगायचे, 'आई आता आई राहिली नाही.'

मग तुमच्याविषयी वाचलं. फिट्स थांबाव्यात म्हणून १९५३ साली, वयाच्या २७व्या वर्षी, डॉक्टरांनी तुमच्या मेंदूच्या दोन्ही बाजूंच्या हिप्पोकॅम्पसचा, म्हणजे नव्या आठवणी जपायला लागणाऱ्या भागाचा, बराच तुकडा काढला. फिट्स कमी झाल्या, पण नवी आठवण टिकेना. लहानपण आठवायचं, मघाशी भेटलेला माणूस नाही. मानसशास्त्रज्ञ ब्रेंडा मिल्नर यांनी तुम्हाला आरशात पाहून चांदणी गिरवायला दिली. तीन दिवस. दर वेळी तुम्हाला वाटे, हे आपण पहिल्यांदाच करतोय. हात मात्र दिवसागणिक सफाईने फिरत होता! हाताचं शिकणं मेंदू वेगळीकडे जपतो, हे तुमच्यामुळे कळलं.

दुसऱ्या दिवशी आईपुढे कापूस ठेवला. 'मला नाही गं येत वाती,' म्हणाली. पण बोटं चालू झाली. सरकी बाजूला, कापूस मोकळा, बोटाला जरासं दूध, टोकाला पीळ, की फुलवात उभी. एक वात जाड झाली, ती तिने मोडली आणि पुन्हा वळली. हे तिचंच. असं आमच्या घरात दुसरं कुणी करत नाही.

तुमचं दुखणं वेगळं, तिचं वेगळं, हे ठाऊक आहे. उद्या तिचे हातही विसरतील. पण त्या दिवसापासून मी परीक्षा बंद केली. शेजारी बसते, कापूस पिंजून देते.

पन्नासेक वर्षं तुम्ही चाचण्या देत राहिलात, आपल्यामुळे दुसऱ्या कुणाचं भलं व्हावं म्हणून. २००८ साली गेलात, तोवर जगाला फक्त 'एच. एम.' ही अक्षरं माहीत होती. म्हणून आज पूर्ण नावाने लिहिलं. हेन्री मोलेसनकाका, तुमचे फार उपकार आहेत.

वातींचा डबा भरलाय. आज तिन्हीसांजेला त्यातली एक तुमच्यासाठी लावली.

तुमची,
एका आईची लेक