निकोल किडमनची गाळलेली वर्षे

संपादक महोदय,

रविवार पुरवणीतला ऑस्ट्रेलियन अभिनेत्री निकोल किडमनवरचा लेख वाचला. १९८३च्या ‘बीएमएक्स बँडिट्स’मधली कुरळ्या केसांची सायकलवाली मुलगी एका वाक्यात येते आणि पुढच्याच वाक्यात टॉम क्रूझबरोबर ‘डेज ऑफ थंडर’मध्ये (१९९०) पोहोचते. हॉलिवूडने सिडनीच्या शाळेतून एक पोर उचलली आणि तिची तारका केली, असाच वाचकाचा समज व्हावा.

प्रत्यक्षात मधली सहा-सात वर्षे ती ऑस्ट्रेलियातच घडत होती. १९८१मध्ये तिथल्या सरकारने चित्रपटांत पैसे गुंतवणाऱ्यांना प्राप्तिकरात तब्बल दीडशे टक्के वजावट दिली. सिनेमाशी काडीचाही संबंध नसलेल्यांनी मग पैसा ओतला. त्यातून बरेच भिकार चित्रपट निघाले हे खरे, पण नवख्या नटनट्यांना काम मिळत राहिले. सवलत दूरचित्रवाणीच्या लघुमालिकांनाही होती, हे महत्त्वाचे. पुढच्या काही वर्षांत ती टप्प्याटप्प्याने कमी झाली, तोवर एक अख्खी पिढी कॅमेऱ्यासमोर उभी राहून गेली होती.

मध्येच आईला स्तनाचा कर्करोग झाला, तेव्हा अभिनय थांबवून किडमन मसाज शिकली, आईच्या उपचारांना मदत व्हावी म्हणून. ‘उगवती तारका’ छापाच्या लेखांत हे बसत नसावे.

मग १९८७ची ‘व्हिएतनाम’ ही लघुमालिका. त्यात ती शाळकरी मुलीपासून युद्धविरोधी निदर्शनांत उतरणाऱ्या तरुणीपर्यंत वाढत जाते. बालभूमिकेतून मोठ्या भूमिकेत जाताना भलेभले अडखळतात, तो टप्पा तिला एकाच कामात ओलांडता आला. ऑस्ट्रेलियन फिल्म इन्स्टिट्यूटचा पुरस्कारही मिळाला. मालिका काढणाऱ्या केनेडी मिलर या संस्थेनेच १९८९मध्ये तिला ‘डेड काम’ (Dead Calm) हा चित्रपट दिला आणि त्यानंतर हॉलिवूडचे दार उघडले. म्हणजे टीव्हीवर पारखून घेतलेल्या मुलीला त्याच माणसांनी मोठ्या पडद्यावर नेले. ‘द अवर्स’च्या ऑस्करबद्दल आपण दोन परिच्छेद खर्च केलेत, त्यातला अर्धा या संस्थेला द्यायला हरकत नव्हती.

‘लायन’चा (२०१६) उल्लेख आहे, पण त्यात तिच्या दत्तक मुलाचे बालपण साकारणारा सनी पवार मुंबईचा, हे मराठी वृत्तपत्राने सोडावे याचे नवल वाटले. त्या वेळी आठेक वर्षांच्या सनीचे ऑस्कर सोहळ्यातले फोटो घरोघरी पोहोचले होते. पुढे ‘चिप्पा’ या चित्रपटासाठी २०१९मध्ये न्यूयॉर्क इंडियन फिल्म फेस्टिव्हलमध्ये तो सर्वोत्कृष्ट बालकलाकार ठरला, त्याचा मात्र फारसा गाजावाजा झाला नाही. आपल्या मालिका आणि रिअॅलिटी शोमध्ये चमकलेल्या मुलांना तेरा ते वीस या वयात कोण काम देते, की कोणीच देत नाही, यावर पुरवणीत एक सविस्तर लेख यावा, ही विनंती.

— एक वाचक, ठाणे