सुर्व्यांचा चित्रपट आणि शाल-श्रीफळ

संपादक महाशय,

कालच्या रविवार पुरवणीतला चित्रपट दिग्दर्शक-लेखक अरुण खोपकरांवरचा लेख वाचला. त्यांच्या 'गुरू दत्त: तीन अंकी शोकांतिका' या पुस्तकावर ऐसपैस लिहिलंय, 'चलत् चित्रव्यूह'ला 2015 साली साहित्य अकादमी मिळाली तेही आहे, मणी कौलांच्या 'आषाढ का एक दिन' या चित्रपटात ते कालिदास झाले होते हेसुद्धा सुटलेलं नाही. आणि चित्रपट? 'अनेक मान्यवरांवर त्यांनी माहितीपट केले.' संपलं! त्या अनेकांत भूपेन खख्खर, नलिनी मलानी, विवान सुंदरम हे चित्रकार आहेत, चित्रकार सबावाला आहेत, नर्तिका लीला सॅमसन आहेत, वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिया आहेत. मान्यवर समोर बसवला की चित्रपट आपोआप होतो, असं लेखकमहाशयांना वाटतं की काय?

कामगारांचे कवी सुर्वे यांच्यावरच्या खोपकरांच्या 'नारायण गंगाराम सुर्वे'ला राष्ट्रीय पुरस्कारांत कथाबाह्य चित्रपटांतलं 2002चं सुवर्णकमळ मिळालं. त्याचाही उल्लेख नाही. लागलं ते इथे.

मी गिरणगावातल्या एका शाळेत मराठी शिकवायचो. मराठी भाषा दिनाला हा चित्रपट मुलांना दाखवायचा म्हणून खटपट करून मिळवला. सुर्वे महापालिकेच्या शाळेत आधी शिपाई होते, मग शिक्षक झाले, हे आमच्या शिपायांनाही कळावं म्हणून त्यांना पहिल्या रांगेत बसवलं. चित्रपट रंगात आला आणि तासभर उशिरा प्रमुख पाहुणे दाखल झाले. लगेच दिवे लागले, पडदा वर गेला, शाल-श्रीफळ झालं, पहिली रांग उठवली. पाहुण्यांनी सुर्व्यांची म्हणून चक्क कुसुमाग्रजांची 'कणा' म्हटली. टाळ्या पडल्या. मी मुख्याध्यापकांच्या कानाशी लागलो, तर म्हणाले, 'सर, आज नको.' मग वडा-चहा झाला आणि प्रोजेक्टरवाला त्याच्या पुढच्या ऑर्डरला निघून गेला. उरलेला चित्रपट त्या मुलांनी आजतागायत पाहिलेला नाही.

तुमच्या लेखानेही वेगळं काय केलं? सत्कार केला, चित्रपट बंद. माहितीपट काढणारं सरकारी फिल्म्स डिव्हिजन एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, विलीन झालं. आता असे चित्रपट सामान्य वाचकाने कुठे, कसे पाहायचे, एवढी एक चौकट टाकली असती तरी लेखाचं सार्थक झालं असतं. पण चौकटीला जागा कुठून असणार? खालचं अर्धं पान गिरणीच्या जागेवरल्या टॉवरच्या जाहिरातीने व्यापलेलं. सुर्व्यांचं नाव असतं तर नेमकं त्याच्या डोक्यावर आलं असतं. तेवढी लाज राखल्याबद्दल आभार.

ती चौकट पुढच्या रविवारी द्यावी ही विनंती. आणि माझं मागचं पत्र तुम्ही शेवटून कापलंत, तसं हे कापायचं झालं तर वरची नावं कापा. पाहुण्यांचा मजकूर राहू द्या, ते तुमचे वर्गणीदार आहेत.

— एक निवृत्त शिक्षक, लालबाग