नान्सेन यांची मोहीम फसलेली नव्हती

संपादक महोदय,

गेल्या रविवारच्या पुरवणीतील ध्रुवीय प्रवासांवरील लेख आवडीने वाचला. मात्र त्यात नॉर्वेचे संशोधक फ्रित्यॉफ नान्सेन यांच्या १८९३ ते १८९६ या काळातील मोहिमेला ‘उत्तर ध्रुव गाठण्याचा फसलेला प्रयत्न’ म्हटले आहे, ते वाचून राहवले नाही.

नान्सेन निघाले होते ते मुळात एक तर्क पडताळून पाहण्यासाठी. सायबेरियाच्या उत्तरेला १८८१ मध्ये बर्फात चिरडून बुडालेल्या ‘जेनेट’ या अमेरिकन जहाजाचे अवशेष तीन वर्षांनी थेट ग्रीनलंडच्या नैर्ऋत्य किनाऱ्याला लागले होते. त्यावरून ध्रुवीय समुद्रातला बर्फ पश्चिमेकडे वाहत असला पाहिजे, असे त्यांनी ताडले आणि जहाज मुद्दामच बर्फात अडकवून त्याच्याबरोबर वाहत जायचे ठरवले. अनेक जाणकारांना हा आत्मघात वाटला. कॉलिन आर्चर यांनी बांधलेल्या ‘फ्राम’ या त्यांच्या जहाजाचा तळ मात्र इतका गोलसर होता की, दाब वाढला की बर्फ खाली सरके आणि जहाज वर उचलले जाई. खोली मोजण्याची दोरी तळाला पोहोचेना, तेव्हा जहाजावरच्या पोलादी दोराचे पेड उलगडून नवी लांब दोरी तयार केली गेली, आणि उथळ समजला जाणारा तो समुद्र तीन हजार मीटरहून खोल निघाला. ऑगस्ट १८९६ मध्ये ‘फ्राम’ स्पिट्सबर्गन बेटाजवळ बर्फातून धडधाकट बाहेर पडले. याला फसणे कसे म्हणायचे?

लेखात नान्सेन यांचे सहकारी यालमार योहानसेन यांचे नावही नाही, याचे मला अधिक वाईट वाटले. १४ मार्च १८९५ रोजी हे दोघेच स्की, घसरगाड्या आणि कुत्री घेऊन जहाजावरून निघाले आणि ८ एप्रिलला ८६ अंश १४ मिनिटे उत्तर अक्षांशावर पोहोचले. तोवर इतक्या उत्तरेला कोणीही गेलेले नव्हते. परतताना चावी द्यायची राहून दोघांचीही घड्याळे बंद पडली आणि रेखांशाचा नेमका हिशेब हातचा गेला. नान्सेन यांनी आपल्या प्रवासवर्णनात ही चूक झाकलेली नाही, कुत्र्यांच्या हालांची खंतही मोकळेपणाने लिहिली आहे, आणि म्हणूनच त्यांच्या लेखनावर विश्वास बसतो. फ्रान्झ जोसेफ लँड या ध्रुवीय बेटांवर दगड रचून, वर वॉलरसची कातडी पसरून केलेल्या झोपडीत त्यांनी अस्वलाच्या मांसावर हिवाळा काढला. इतके होऊनही दोघे एकमेकांशी अहो-जाहो करीतच बोलत होते. १८९५ च्या शेवटच्या रात्री नान्सेन यांनी आता अरे-तुरे करू या, असे सुचवले.

नान्सेन यांच्या १९२२ च्या नोबेल शांतता पुरस्काराचा उल्लेख लेखात एका ओळीत आला आहे. त्यामागे चार लाखांहून अधिक युद्धकैद्यांची घरवापसी होती आणि देश हरवलेल्यांना प्रवास करता यावा म्हणून दिलेले ‘नान्सेन पासपोर्ट’ होते, एवढे तरी नोंदवायला हवे होते.

योहानसेन पुढे अमुंडसेन यांच्या दक्षिण ध्रुवाच्या मोहिमेत गेले; पण तेथे मतभेद झाल्याने प्रत्यक्ष ध्रुवावर जाणाऱ्या तुकडीतून त्यांना वगळण्यात आले, आणि जानेवारी १९१३ मध्ये त्यांनी स्वतःचे आयुष्य संपवले. ही लेखमाला पुढे चालणार असेल, तर त्यांच्यासाठी एक स्वतंत्र लेख राखून ठेवावा, ही आग्रहाची विनंती.

आपला,
एक निवृत्त भूगोल शिक्षक, सातारा